दर तिसऱ्या खंडातली अर्धी मात्रा

आमच्या वन्सं चालल्या की घरात दोन वेगळे आवाज होतात. उजव्या पायाचा साधा, डाव्या पायाचा जड. लहानपणीच्या तापात डावा पाय दोन इंच आखूड राहिला, म्हणून त्या पायाच्या बुटाला दोन इंचांचा जास्तीचा तळ लावलेला आहे. लग्न होऊन मी या घरात आले तेव्हा पहिले आठ दिवस त्या आवाजाने मला झोप लागली नव्हती. आता अठ्ठावीस वर्षांनी, त्या दोन दिवस कुठे गेल्या तर लागत नाही.

वन्सं म्हणजे माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. त्यांनी लग्न केलं नाही, आणि माझा नवरा नऊ वर्षांपूर्वी गेला. तेव्हापासून तळमजल्यावरच्या या दोन खोल्यांत आम्ही दोघीच. लोक विचारतात, नणंद-भावजयीचं पटतं कसं? पटत नाही हो. पण संध्याकाळी दोघी इतक्या दमून यायचो की भांडायला बसण्यापेक्षा चहा करणं सोपं जायचं. मी दातांच्या डॉक्टरांकडे बाहेरच्या टेबलावर बसते. दिवसभर सुजलेल्या गालांच्या माणसांना 'अजून थोडा वेळ' असं सांगत राहण्याचं माझं काम. जीभ आधीच तिखट होती, या नोकरीने तिला धार आली.

वन्संचं काम मात्र जगावेगळं. एका छापखान्यात एकतीस वर्षं त्या संगीतावरच्या पुस्तकांतली स्वरलिपी लिहीत होत्या. पाच आडव्या रेघा, त्यांवर काळे-पांढरे गोळे, गोळ्यांना शेपट्या. मला त्यातलं ओ की ठो कळत नाही. आधी त्या शाईच्या पेनाने लिहायच्या, मग संगणक आला तर त्यावरही शिकल्या. तरी शेवटची तपासणी कागदावर आणि पेन्सिलीनेच. उभ्या दोन रेघांमधल्या जागेला खंड म्हणतात, एवढं त्यांनी मला शिकवलं होतं. एका खंडात चार मात्रा ठरल्या की चारच भरायच्या. सूर कमी पडले तर तिथे गप्प राहण्याची खूण येते, तिला विराम म्हणतात. वन्सं प्रत्येक खंड मोजायच्या आणि भरला की त्याखाली पेन्सिलीने एक बारीक टिंब द्यायच्या. पानभर टिंबं झाली की खाली सही. त्यांची सही झालेल्या पानात एकतीस वर्षांत चूक निघाली नव्हती.

'वासरांत लंगडी गाय शहाणी,' असं त्या स्वतःच म्हणायच्या, म्हणजे दुसऱ्या कोणाला म्हणायची संधी राहत नसे.

अलीकडे मात्र छापखान्याचे मालक 'बाई, डोळे दाखवून घ्या' असं जरा जास्तच प्रेमाने सांगायला लागले होते. वन्संना त्याचा अर्थ कळत होता. त्यांची एकच इच्छा होती. आपण उठायचं तेव्हा आपल्या पायांनी उठायचं, कोणीतरी चूक दाखवली म्हणून नाही. दोन वर्षं अजून रेटायची आणि मग स्वतःहून राजीनामा द्यायचा, असं त्यांनी ठरवलं होतं.

आता सरांविषयी. सर संगीताचे मोठे अभ्यासक. गाणारे-वाजवणारे नव्हेत, संगीत कसं रचलं जातं यावर लिहिणारे. गेल्या शतकातलं नवं संगीत, ते कानाला खुपणारं, मध्येच तुटणारं, आणि अपंग माणसाचं शरीर, या दोन गोष्टींचा संबंध काय, यावर त्यांची दोन पुस्तकं आली होती आणि तिसरं छापायला होतं. जगभरातले विद्वान म्हणे ती वाचतात. वन्संनी वाचली नव्हती. त्यांच्याकडे फक्त स्वरलिपीची उदाहरणं यायची, सुट्या कागदांवर, क्रमांक घालून. मजकूर दुसरीकडे जुळायचा. म्हणजे एक आखूड पायाची बाई अकरा वर्षं अपंगत्वावरच्या पुस्तकांची कामं करत होती आणि तिला ती कशाबद्दल आहेत हे 'काहीतरी आजाराविषयी' यापलीकडे माहीत नव्हतं. मीच एकदा मलपृष्ठ वाचून सांगितलं तेव्हा म्हणाल्या, "असं होय? बरं."

सर राहायचे तिसऱ्या मजल्यावर. इमारत जुनी, लिफ्ट नाही. पायऱ्या चोपन्न, मी मोजल्या आहेत, कारण कागद जास्त असले की पिशवी धरायला मला जावं लागे. अकरा वर्षांत दर महिन्या-दोन महिन्यांनी वन्सं त्या चोपन्न पायऱ्या चढल्या. सरांचे पाय धडधाकट. रोज सकाळी कामावर जाताना मी त्यांना बागेत तरातरा चालताना पाहायचे. पण कागद घ्यायला ते एकदाही खाली आले नाहीत. वाईट माणूस नाही. दार उघडल्यावर 'या, या, दमलात का' असं विचारायचे. त्यांना सुचलंच नाही, एवढंच. मी वन्संना म्हणायचे, "याला म्हणतात उंटावरून शेळ्या हाकणं."

"असू दे गं," त्या म्हणायच्या, "विचारात असतात."

विचारात असतात म्हणूनच सर कागदावर विराम लिहायला विसरायचे. घाईत सूर लिहायचे आणि गप्प राहायच्या जागा गाळायचे. वन्सं मोजायच्या, खंड कमी भरला की विराम घालायच्या आणि पुढे जायच्या. कधी विचारलं नाही, कधी सांगितलं नाही. सरांनीही वन्संची पानं कधी तपासली नाहीत. बाईंचं काम आहे, त्यात काय बघायचं?

तिसऱ्या पुस्तकाच्या वेळी हेच नडलं.

त्या रविवारी दुपारी मी स्वयंपाकघरातल्या फळ्यांवर नवे कागद घालत होते. छापखान्यात फर्मा छापताना, म्हणजे सोळा पानांचा तो एक मोठा ताव, पहिले काही कागद खराब निघतात. ते वन्सं घरी आणायच्या आणि आमच्या डब्यांखाली घालायच्या. आमच्या घरात डाळीचा डबा उचलला तर खाली कोणत्या ना कोणत्या रागाचा इतिहास निघतो. मी फळी पुसली, कागद पसरला, कोपऱ्यावर मिठाची बरणी ठेवली, आणि गुडघे दुखत होते म्हणून तिथेच बसून वाचायला लागले. सरांचं नवं पुस्तक होतं.

लिहिलं होतं की जुनं संगीत वाकडं झालं तरी शेवटी सरळ होऊन दाखवतं, जणू बरं झाल्याशिवाय त्याला घरी जाऊ देत नाहीत. पण हा एक रचनाकार असा की त्याने लंगडत्या चालीला लंगडतंच ठेवलं. दर तिसऱ्या खंडात अर्धी मात्रा कमी, आणि तसं सुरुवातीच्या मात्रांच्या आकड्यात कुठे लिहिलेलंही नाही. 'हे लंगडणं वाचकाने उदाहरण एकवीसमध्ये स्वतःच्या डोळ्यांनी पाहावं.'

मी उदाहरण एकवीस पाहिलं. मला काय कळणार? हाक मारली, "वन्सं, यातला लंगडा खंड कुठला हो?"

त्या आल्या, चष्मा कपाळावरून खाली घेतला आणि मजकूर वाचला. मग उदाहरणावर बोट ठेवून ओठांनी मोजू लागल्या. चार. चार. चार. चार. शेवटपर्यंत गेल्या आणि परत पहिल्यापासून आल्या. मग माझ्याशेजारी जमिनीवर बसल्या. त्या कधी जमिनीवर बसत नाहीत, उठायला त्रास होतो म्हणून.

"मी भरले," त्या म्हणाल्या. "चौदा ठिकाणी. मला वाटलं, सर विसरले."

मला समजायला थोडा वेळ लागला. ज्या लंगडण्यावर सरांनी अख्खं प्रकरण लिहिलं होतं, ते वन्संनी दुरुस्त करून टाकलं होतं. मजकूर म्हणत होता 'पाहा कसं लंगडतंय', आणि खाली चित्रात ते सैनिकासारखं सरळ चालत होतं.

मी हसले. खोटं कशाला सांगू? मग वन्संच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि हसू गिळलं.

"फर्मा छापून झालाय?"

"शुक्रवारीच. बांधणी बुधवारपासून."

"मग गप्प बसा," मी म्हटलं. "सर बघत नाहीत, मालकांना कळत नाही, आणि ही पुस्तकं वाचणारे विद्वान एकमेकांना चूक कशी दाखवायची यात इतके गढलेले असतात की—"

"तेच तर," वन्सं म्हणाल्या. "सरांना हसतील."

"आणि सांगितलंत तर मालक तुम्हाला घरी बसवतील. वाटच बघतायत ते."

"हो." त्यांनी हात पुढे केला. "उठव मला."

तासाभरात आम्ही सरांच्या इमारतीखाली होतो. चोपन्न पायऱ्या. पहिल्या मजल्यावर त्या थांबल्या, दुसऱ्यावर जरा जास्त थांबल्या. मी मागे पिशवी घेऊन, आणि माझ्या डोक्यात तो आवाज, साधा आणि जड, साधा आणि जड. तो कधी चुकत नाही. माझे सासरे टेबलावर पट्टी आपटून लहानपणी त्यांना घरभर चालवायचे, असं नवऱ्याने मला सांगितलं होतं. 'पावलं सारखी पडली पाहिजेत. एक-दोन, एक-दोन.' ती पट्टी त्या बाईच्या अंगातून गेलीच नाही.

सरांनी दार उघडलं. "या, या, दमलात का? रविवारी कशा काय?"

वन्संनी बसायच्या आधीच सांगितलं. "सर, उदाहरण एकवीस. चौदा ठिकाणी मी विराम घातलेत. तुमच्या कागदावर नव्हते."

सरांनी आम्ही आणलेला फळीवरचा तो ताव हातात घेतला, एका कोपऱ्याला आमच्या मिठाच्या बरणीचा गोल डाग. बराच वेळ पाहिलं. "नव्हतेच," ते म्हणाले. "नसायलाच हवेत. बाई, हे प्रकरण त्याच्यावर उभं आहे. मी तपासताना हे बघितलं कसं नाही?"

"तुम्ही माझी पानं तपासत नाही."

"कारण तुमची चूक होत नाही!"

"तुमची होते," वन्सं म्हणाल्या आणि पिशवीतून एक वही काढली. ती वही मलाही माहीत नव्हती. पहिल्या पुस्तकात एकोणतीस जागा, दुसऱ्यात चौतीस. पान, उदाहरण, खंड. "हे सगळे राहिलेले विराम. मी भरत गेले. हेही त्यातलेच समजले."

सरांनी वही चाळली. कान लाल झाले त्यांचे. मला आधी बरं वाटलं, मग वाईट वाटलं. म्हातारा माणूस, घरात एकटा, चहूकडे पुस्तकांचे ढीग.

"पण बाई," ते शेवटी म्हणाले, "माणूस एकदा विसरेल, दोनदा विसरेल. नेमका दर तिसऱ्या खंडात, चौदा वेळा? तुम्हाला शंका नाही आली?"

प्रश्न बरोबर होता. मीही वन्संकडे पाहिलं.

"आली," त्या म्हणाल्या. "म्हणून चालून पाहिलं. छापखान्याच्या व्हरांड्यात, कोणी नव्हतं तेव्हा. तुमची ओळ तोंडाने म्हणत चालले. ती माझ्या पायांवर बसत होती, सर. पहिल्यांदाच कुठली ओळ अशी बसली. फक्त तिसऱ्या खंडाला अडखळत होते. तिथे अर्धी मात्रा गप्प राहिले आणि नीट चालता आलं. मला वाटलं, लिहिणाऱ्यालाही हेच हवं असणार."

सर खुर्चीत पुढे सरकले. "म्हणजे तुमच्या चालण्यात तिथे वेळ कमी होत नाही?"

"कमी कसा होईल? आखूड पाय टेकायच्या आधी मी थांबते. नाहीतर पडेन. बघणाऱ्याला वाटतं, आम्ही अर्धी मात्रा खातो. आम्ही ती भरतो. लहानपणापासून भरतोय, प्रत्येक पावलाला. म्हणून तर इतकं दमायला होतं."

हे सगळं त्यांनी भाजीचा भाव सांगावा तसं सांगितलं. अठ्ठावीस वर्षांत मला कधी सांगितलं नव्हतं.

आणि सर उठले. डोळे चमकत होते. "हे फार महत्त्वाचं आहे. थांबा, मी घड्याळ आणतो. या भिंतीपासून दारापर्यंत एकदा चालून दाखवता का? दोनदा दाखवलंत तर उत्तम."

मी तोंड उघडलं होतं. काय बोलणार होते ते इथे लिहिण्यासारखं नाही. वन्संनी माझ्या हातावर हात ठेवला.

"सर," त्या म्हणाल्या, "अकरा वर्षं मी तुमचा जिना चढतेय. दारामागे उभं राहून ऐकलं असतंत तरी कळलं असतं."

त्यांच्या आवाजात राग नव्हता. दमलेल्या होत्या, एवढंच. उठलेले सर परत बसले. मग आत जाऊन त्यांनी दोन पेले पाणी आणलं.

"मालकांना मी सांगतो," ते म्हणाले. "माझ्याच कागदात चूक होती म्हणून. फर्मा पुन्हा छापायला लावू. तुमच्यावर काही येणार नाही."

मी मनात म्हटलं, देव पावला. पण वन्सं कसल्या ऐकतायत!

"तुमचं लिहिलेलं बरोबर होतं," त्या म्हणाल्या. "बदललं मी. उद्या मीच सांगेन."

आम्ही उतरलो. उतरणं त्यांना चढण्यापेक्षा जड जातं. दुसऱ्या मजल्यावरून मी वर पाहिलं, तर सर कठड्याला धरून उभे होते, मान तिरकी करून, ऐकत. मला कळेना, हा माणूस शरमलाय की मोजतोय.

सोमवारी वन्संनी मालकांना सांगितलं. मालक ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं, असं त्या म्हणाल्या. ते म्हणाले, "बाई, तुम्ही आता थकलात." आणि वन्सं म्हणाल्या, "हो." त्या 'हो'चा मला आजही राग येतो. चौदा विराम काढून उदाहरण एकवीस त्यांनी स्वतःच नव्याने केलं. दर तिसऱ्या खंडापाशी हात आपोआप थांबत होता म्हणे. बाकी खंडांखाली टिंबं दिली, त्या चौदांखाली दिली नाहीत. खाली सही केली. महिनाअखेरीला टेबल आवरून, पेन्सिली एका डब्यात भरून घरी आल्या.

त्यानंतर दोन महिने त्या घरातच होत्या. सकाळी नेहमीच्या वेळी उठून तयार व्हायच्या आणि खिडकीशी बसायच्या. मी कामावरून आले की चहा झालेला असायचा. चहा चांगला असायचा, आणि मला तो पिववत नसे.

मग एका संध्याकाळी दारावर टकटक झाली. सर होते. हातात पिशवी, पिशवीत पुस्तकाच्या दोन प्रती. आमचं घर शोधायला त्यांना अर्धा तास लागला होता. अकरा वर्षांत पत्ता कधी विचारलाच नव्हता ना! मी खुर्ची दिली, पण 'दमलात का' असं मुद्दाम विचारलं नाही.

"पान एकशे तीन," सर वन्संना म्हणाले. "फर्मा पुन्हा होणारच होता, म्हणून खाली टीप घातली. बघा."

वन्संनी चष्मा लावला आणि मोठ्याने वाचलं. "'लंगडून चालणाऱ्या एका व्यक्तीने लेखकाच्या लक्षात आणून दिलं आहे की अशा चालण्यात काळ उणा होत नाही, चालणारा तो थांबून भरून काढतो. तेव्हा या प्रकरणात वर्णन केलेलं लंगडणं बघणाऱ्याला दिसणारं आहे, चालणाऱ्याला जाणवणारं नव्हे. हे लेखकाला फार उशिरा समजलं.'"

मला कबूल केलं पाहिजे, माणसाने हे छापायला धैर्य लागतं. दोन पुस्तकं लिहून झाल्यावर तर फारच.

वन्संनी टीप पुन्हा वाचली, या वेळी मनात, बोट फिरवत. मग म्हणाल्या, "सर, यात एक जागा राहिलीय."

"कुठे?" सरांनी घाबरून मान पुढे केली.

"'एका व्यक्तीने.' त्या व्यक्तीला नाव आहे."

सर गडबडले. "मला वाटलं, तुम्हाला आवडणार नाही. विचारल्याशिवाय कसं—"

"विचारायचं होतं. पत्ता सापडतो की."

"पुढच्या आवृत्तीत नक्की," सर म्हणाले, आणि म्हणता म्हणता थांबले. असल्या पुस्तकांची पुढची आवृत्ती निघत नाही, हे आमच्या डाळीच्या डब्यालाही माहीत आहे.

"अगं, तो डबा दे," वन्सं मला म्हणाल्या.

मी पेन्सिलींचा डबा दिला. त्यांनी एक निवडली, टोक पाहिलं, पान एकशे तीन सपाट केलं आणि 'एका व्यक्तीने' या शब्दांवर, दोन ओळींच्या फटीत, आपलं नाव लिहिलं. एकतीस वर्षं सूर जितक्या सारख्या अंतराने लिहिले तितक्याच सारख्या अंतराने. मग सरांकडे हात केला. "तुमची प्रत."

सरांनी ती दिली. तीतही वन्संनी नाव लिहिलं. मग दोन्ही प्रतींत नावाखाली पेन्सिलीने एक-एक बारीक टिंब दिलं आणि पुस्तकं मिटली.

"चहा टाक गं," त्या म्हणाल्या. "सर चालत आलेत."